कवचातली मुलगी

१९६५ सालच्या एका जपानी ॲनिमेशनपटाचा शेवट मी गेल्या काही महिन्यांत बऱ्याच वेळा पाहिला. 'गलिव्हरचा अंतराळप्रवास' हा तो सिनेमा, तोएई स्टुडिओचा. रस्त्यावर राहणारा एक पोरका मुलगा, एक कुत्रा, खेळण्यातला एक शिपाई आणि आता म्हातारे झालेले गलिव्हर असे सगळे रॉकेटमध्ये बसून दूरच्या ताऱ्याकडे निघतात. तिथे यंत्रमानवांशी लढाई होते. या यंत्रमानवांना पाणी चालत नाही, म्हणून मुलं पाण्याच्या पिचकाऱ्यांनी लढतात. अगदी शेवटी तिथल्या यंत्र-राजकन्येचं कवच दुभंगतं आणि आतून एक हाडामांसाची मुलगी बाहेर येते.

मूळ पटकथेत हे नव्हतं. तिथे राजकन्या यंत्रच राहणार होती. स्टुडिओत दोनेक वर्षांपूर्वी नोकरीला लागलेल्या एका पोराने हा बदल सुचवला. त्याचं काम होतं दोन मुख्य चित्रांच्या मधली चित्रं भरायचं, म्हणजे सगळ्यात खालच्या पायरीचं. त्याची सूचना मान्य झाली. त्या पोराचं नाव मियाझाकी हायाओ. पुढे 'स्पिरिटेड अवे' वगैरे करणारे तेच हे.

या सिनेमातल्या पोरक्या मुलाचा, टेडचा, आवाज होता साकामोतो क्यू या गायकाचा. साकामोतोचं एक गाणं त्याआधी दोनच वर्षांपूर्वी, १९६३ मध्ये, 'सुकियाकी' या भलत्याच नावाने अमेरिकेत गेलं होतं आणि तिथल्या बिलबोर्ड यादीत पहिल्या क्रमांकावर पोचलं होतं. जपानी भाषेतल्या गाण्याला असा मान तोवर कधीच मिळाला नव्हता. असा देशाचा लाडका गायक परीकथेच्या सफरीवर निघाला म्हटल्यावर पोरं थिएटरात येतील, हा हिशोब साधा होता.

लोकप्रिय गायक घ्या, त्याला चित्रातल्या परीकथेत टाका, तिकिटं विका. जपानी मनोरंजनात ही रीत तेव्हापासून आजपर्यंत चालू आहे. मला या रीतीच्या इतिहासात एक गोष्ट पुन्हापुन्हा दिसत गेली. १९६५ मध्ये कवच फुटून मुलगी बाहेर आली. त्यानंतरच्या पन्नास वर्षांत प्रवास बराचसा उलट्या दिशेने झाला. मुलगी आत गेली आणि कवच जाड होत गेलं.

मूर्ती आणि मुदत

साकामोतोला त्या काळी कुणी 'आयडॉल' म्हणत नव्हतं. हा शब्द जपानमध्ये रुळला तो एका फ्रेंच सिनेमामुळे, असं सहसा सांगितलं जातं. १९६३ चा तो सिनेमा पुढच्या वर्षी जपानमध्ये 'आयडॉल शोधा' अशा अर्थाच्या नावाने लागला. त्यातली सिल्व्ही वार्तान ही गायिका आणि तिचं गाणं दोन्ही तिथे गाजलं, आणि तरुण, गोड, गाणाऱ्या मुलींना 'आयदोरु' म्हणायची पद्धत पडली.

१९७१ पासून या शब्दाला कारखाना मिळाला. त्या वर्षी निप्पॉन टीव्हीवर 'स्टार तान्जो!', म्हणजे 'ताऱ्याचा जन्म', ही स्पर्धा सुरू झाली. आज आपण टीव्हीवर ज्या गायनस्पर्धा बघतो, त्यांची ही जुनी नातेवाईक. शाळकरी मुली यायच्या, गायच्या, आणि निवडल्या गेल्या तर एजन्सी त्यांना करारात बांधून घ्यायची. गाणं उत्तमच हवं, असा आग्रह नव्हता. आपल्या डोळ्यांसमोर ही पोरगी मोठी होते आहे, असं लोकांना वाटायला हवं.

पण खरोखर मोठी झाली, तर मात्र पंचाईत.

मराठी माणसाला मूर्ती म्हटलं की विसर्जन आठवतंच. जपानी आयडॉललाही मुदत असते. तिथे त्याला 'सोत्सुग्यो' म्हणतात, म्हणजे शाळा पुरी करून बाहेर पडणं. या स्पर्धेतून आलेल्यांपैकी सर्वांत मोठं नाव यामागुची मोमोए. ५ ऑक्टोबर १९८० ला तोक्योच्या बुदोकानमध्ये तिने शेवटचा कार्यक्रम केला, मायक्रोफोन रंगमंचाच्या जमिनीवर ठेवला आणि आत निघून गेली. वय एकवीस. त्याच वर्षी तिचं लग्न झालं आणि ती पुन्हा गायला आली नाही.

त्याच स्पर्धेतून 'पिंक लेडी' ही जोडी आली. मिए आणि केई, शिझुओकाच्या दोन मुली. १९७६ च्या ऑगस्टमध्ये त्यांचं पहिलं गाणं आलं आणि दोनेक वर्षांत त्यांच्या नाचाच्या हालचाली जपानमधल्या शाळाशाळांत पोचल्या. १९७८ च्या ऑक्टोबरमध्ये टीव्हीवर 'पिंक लेडी मोनोगातारी' ही ॲनिमेशन मालिका सुरू झाली. मोनोगातारी म्हणजे कथा. साध्या घरातल्या दोन मुली कष्ट करतात आणि तारका होतात, अशी ती गोष्ट, ३५ भागांची.

मला यातली वेळ चमत्कारिक वाटते. आपल्याकडे कुणाची चरित्रकथा सांगायची, तर माणूस निदान निवृत्त तरी झालेला असतो. इथे दोघी विशी-एकविशीतल्या, रोज कार्यक्रम करणाऱ्या, आणि त्यांच्या आयुष्याची आख्यायिका दर आठवड्याला टीव्हीवर चालू. आख्यायिकेतल्या दोघी थकत नव्हत्या. खऱ्या दोघींनी ३१ मार्च १९८१ ला कोराकुएन स्टेडियमवर शेवटचा कार्यक्रम करून जोडी मोडली. जेमतेम साडेचार वर्षं.

एका वर्षाची जादू

आता १९८३. माझ्या मते या सगळ्या परंपरेतली सर्वांत प्रामाणिक गोष्ट याच वर्षी आली. 'जादूची परी क्रीमी मामी'.

युउ मोरिसावा ही दहा वर्षांची मुलगी. आईवडिलांचं क्रेप विकायचं दुकान आहे. (क्रेप म्हणजे धिरड्यासारखा पातळ गोड पदार्थ.) तिला आकाशात एक जहाज दिसतं. ते फेदर स्टार नावाच्या ताऱ्यावरून आलेलं आहे. जहाजातल्या पिनोपिनोला ती मदत करते आणि तो तिला बक्षीस म्हणून जादू देतो. सोबतीला पोजी आणि नेगा ही मांजरासारखी दोन प्राणीसोंगं. जादूने ती सोळा-सतरा वर्षांची देखणी मुलगी होऊ शकते. पण दोन अटी असतात. हे कुणाला कळता कामा नये, आणि बरोबर एका वर्षाने जादू परत करायची.

मोठी झालेली युउ रस्त्यात फिरत असताना एका मनोरंजन कंपनीच्या मालकाच्या नजरेस पडते. तो तिला जवळजवळ ओढतच टीव्हीच्या कॅमेऱ्यासमोर उभी करतो. ती गाते. लोक वेडे होतात. दहा वर्षांच्या मुलीला घरचा अभ्यास सांभाळून 'क्रीमी मामी' नावाची आयडॉल व्हावं लागतं.

पटकथेमागचं मुख्य नाव इतो काझुनोरी, पात्रांची रेखाटनं ताकादा आकेमी यांची. स्टुडिओ पिएरोची ही पहिली जादुई-मुलगी मालिका. १ जुलै १९८३ ते २९ जून १९८४, आठवड्याला एक भाग, एकूण ५२ भाग. म्हणजे जादूची मुदत एक वर्ष आणि मालिकाही एक वर्ष. बघणाऱ्या मुलींसाठी घड्याळ खरोखर चालू होतं.

युउच्या आणि मामीच्या भूमिकेला आवाज द्यायला निर्मात्यांनी मुरलेली कलाकार घेतली नाही. ओता ताकाको ही चौदा वर्षांची नवी मुलगी घेतली. अभिनयाचा अनुभव नाही. तिचं गायिका म्हणून पहिलं गाणं हेच मालिकेचं सुरुवातीचं गाणं होतं. गोष्टीत एक मुलगी गायिका म्हणून पदार्पण करते त्या आठवड्यांत, तेच गाणं घेऊन, एक खरी मुलगी गायिका म्हणून पदार्पण करत होती. रेकॉर्ड कंपनीचं काम झालं, खेळणी विकणाऱ्या प्रायोजकाचं काम झालं. दुकानात जादूची कांडी मिळत होती आणि रेकॉर्डही.

म्हणजे हा व्यापारच होता, यात शंका नाही. तरी ही मालिका मला प्रामाणिक का वाटते?

युउचा बालमित्र तोशिओ. युउला तो आवडतो. तोशिओला आवडते मामी. युउ शेजारी उभी असते आणि तो मामीबद्दल बोलत राहतो. जी मुलगी मामी आहे, तिलाच मामीचा मत्सर वाटतो. मुलांच्या मालिकेत इतकी अवघड गोष्ट इतक्या सोप्या रीतीने सांगितलेली मी फारशी पाहिलेली नाही. लोकांना जे आवडलं आहे ते कवच आहे, आत कोण आहे याच्याशी त्यांचं देणंघेणं नाही, हे दहा वर्षांच्या युउला कळतं.

शेवटच्या भागात मामीचा शेवटचा कार्यक्रम आहे. मुदत संपत आली आहे. मालक तिला थांबवू शकत नाही, कारण या करारावर त्याची सही नाहीच. जादू जाते आणि उरते ती दहा वर्षांची युउ. तिला पुढे मोठं व्हायला मोकळं आयुष्य मिळतं. मोमोएचा मायक्रोफोन खाली ठेवून चार वर्षंही झाली नव्हती, आणि तो भाग बघणाऱ्या घराघरांतल्या मोठ्या माणसांना ते आठवलं नसेल असं मला वाटत नाही.

इथवर गोष्ट 'गलिव्हर'सारखीच आहे. कवच जातं, मुलगी राहते.

केकच्या दुकानातल्या बुटक्या पोरी

एकविसाव्या शतकात शिरताना आयडॉल एकेकटी राहिली नाही, गट आले. 'मॉर्निंग मुसुमे' हा त्यातला मोठा गट. त्यातून २००० साली एक छोटा गट निघाला, 'मिनिमोनी'. त्यात यायची अट अशी की उंची १५० सेंटिमीटरपेक्षा जास्त नको. यागुची मारी, त्सुजी नोझोमी, कागो आई आणि हवाईहून आलेली मिका. लहान मुलांसाठी गाणी, रंगीबेरंगी कपडे, बालिश बोलणं. त्सुजी आणि कागो तेव्हा खरोखरच बारा-तेरा वर्षांच्या होत्या. यागुची मात्र सतरा पूर्ण केलेली होती.

१४ डिसेंबर २००२ ला त्यांचा सिनेमा आला. नावातच कोटी आहे. जपानीत 'ओकाशी' म्हणजे गोड खाऊ आणि 'ओकाशी' म्हणजे विचित्र, गमतीदार. 'गोड-गमतीदार साहससफर' असं काहीसं. दिग्दर्शक हिगुची शिंजी, पुढे 'शिन गॉडझिला'च्या दिग्दर्शकांपैकी एक. मिनिमोनीच्या पोरी केकच्या दुकानात काम करतात. जादूने त्या इवल्याशा होतात आणि मग पडद्यावर त्यांच्या जागी संगणकाने बनवलेल्या त्रिमितीय बाहुल्या येतात. परी, राणी, मिठायांचं जग, सगळं साग्रसंगीत.

राणीच्या भूमिकेत नाकाझावा युको. ती मॉर्निंग मुसुमेची पहिली नेता आणि वयाने सगळ्यांत मोठी. २००१ मध्ये, सत्ताविसाव्या वर्षी, ती गटातून बाहेर पडली होती. सत्तावीस म्हणजे या धंद्यात राणीच्याच भूमिकेचं वय. हिमगौरीच्या गोष्टीतला आरसा इथे न दाखवताही काम करतो.

मला हा सिनेमा पाहताना मजा आली, हेही सांगायला हवं. तो वात्रट आहे, वेगवान आहे. पण अट डोक्यातून जाईना. जी लहान आहे तिला आणखी लहान करा. उंचीची मर्यादा घाला, मग जादूने बोटभर करा, मग तिच्या जागी वाढूच न शकणारी बाहुली ठेवा.

याच सिनेमात यागुची मिनिमोनीचं नेतेपद मिकाकडे सोपवते. गटातली खरी घडामोड सिनेमाच्या गोष्टीत घालून विकली गेली. यागुची मॉर्निंग मुसुमेत मात्र राहिली, पुढे तिथलीही नेता झाली. एप्रिल २००५ मध्ये एका मासिकाने तिचा मित्राबरोबरचा फोटो काढला आणि ती गटातून बाहेर पडली. ती तेव्हा बावीस वर्षांची होती. बावीस वर्षांच्या बाईला मित्र असणं ही बातमी का व्हावी, असं तुम्ही विचाराल. ती बातमी झाली, कारण लोकांनी विकत घेतलेली बाहुली बोटभर होती आणि फोटोतली बाई पूर्ण उंचीची होती.

नावांचा क्रम

पुढच्याच वर्षी, एप्रिल २००६ मध्ये, 'किरारिन रिव्होल्यूशन' सुरू झाली. मूळ मांगा नाकाहारा आन यांची. खायला फार आवडणारी चौदा वर्षांची किरारी एका कासवाला वाचवते, त्यातून तिची भेट एका गाजलेल्या गायक मुलाशी होते आणि ती स्वतः आयडॉल व्हायचं ठरवते. कासव वाचवण्यावरून प्रत्येक जपानी मुलाला उराशिमा तारो आठवत असणार. कासव वाचवणारा हा कोळी समुद्राखालच्या महालात जातो, थोडे दिवस मौज करतो आणि परत येतो तेव्हा गावात शेकडो वर्षं उलटलेली असतात. महालातून मिळालेली पेटी तो उघडतो आणि क्षणात म्हातारा होतो. त्याचं वय त्या पेटीत बंद होतं.

किरारीला आवाज दिला मॉर्निंग मुसुमेच्या कुसुमी कोहारुने. ती २००५ मध्ये बाराव्या वर्षी गटात आली होती, त्या वर्षीच्या चाचणीतून निवडलेली एकटीच. मालिका सुरू झाली तेव्हा तेरा वर्षांची. तिने किरारीची गाणीही गायली, त्या वेशात टीव्हीवर नाचली. पण रेकॉर्डवर नाव कसं छापलं होतं ते पाहा. 'त्सुकिशिमा किरारी, भूमिकेत कुसुमी कोहारु (मॉर्निंग मुसुमे)'.

आधी चित्रातल्या मुलीचं नाव, मग जिवंत मुलीचं, मग कंसात मालकाघरचं.

क्रीमी मामीच्या वेळी रेकॉर्डवर ओता ताकाकोचं नाव होतं. मालिकेचा उपयोग ओताला पुढे आणण्यासाठी केला जात होता. तेवीस वर्षांनी हिशोब फिरला. आता ओळखीची मुलगी चित्राला पुढे आणण्यासाठी वापरली जात होती. १५३ भागांनंतर मार्च २००९ मध्ये मालिका संपली आणि त्याच डिसेंबरात सतरा वर्षांच्या कोहारुने गट सोडला. किरारी कुठेच गेली नाही. तिची पेटी कुणी उघडत नाही.

मधल्या काळात, ऑगस्ट २००७ मध्ये, हात्सुने मिकू आली होती. गाणं गाणारं सॉफ्टवेअर आणि त्याच्या खोक्यावर हिरवट-निळ्या वेण्यांची मुलगी. कायम सोळा वर्षांची. त्या आवाजामागे फुजिता साकी ही कलाकार आहे, पण मिकूच्या कार्यक्रमाला गर्दी करणाऱ्यांपैकी किती जण तिला ओळखतील?

आणि २०१२ च्या एप्रिलमध्ये 'एकेबी००४८'. दिग्दर्शनाची मुख्य सूत्रं कावामोरी शोजी यांच्याकडे. दूरचं भविष्य, अनेक ग्रहांवर करमणुकीला बंदी, आणि गाणाऱ्या मुलींचा गट अंतराळात फिरून बेकायदा कार्यक्रम करतो. कुणात आयडॉलचा गुण असेल तर किरारा नावाचे इवले तेजस्वी जीव तिच्याजवळ चमकतात. मुख्य नऊ मुलींचे आवाज खऱ्या एकेबी४८ आणि तिच्या भगिनी-गटांमधल्या मुलींचे.

या गोष्टीतली मुख्य कल्पना मला रात्री उशिरापर्यंत जागं ठेवून गेली. गटातल्या गाजलेल्या मुलींची नावं इथे पदव्या झाली आहेत. काबुकी नटांच्या घराण्यात जसं नाव पुढच्या पिढीला देतात, तसंच. 'माएदा आत्सुको' हे एक आसन आहे. एक मुलगी जाते, दुसरी तिचं नाव घेऊन उभी राहते आणि आपलं जन्माचं नाव मागे ठेवते. खरी माएदा आत्सुको ही गटाची सगळ्यांत गाजलेली मुलगी. मालिका सुरू व्हायच्या थोडं आधी, मार्चमध्ये, तिने गट सोडत असल्याचं जाहीर केलं होतं. २७ ऑगस्टला तिचा शेवटचा कार्यक्रम झाला. ती जात होती आणि तिचं नाव राहणार अशी व्यवस्था पडद्यावर चालू होती.

मालिकेने हे गौरव म्हणून दाखवलं आहे, आणि गौरव तो आहेही. परंपरा अशीच टिकते. पण नाव ठेवून जायचं म्हणजे काय ठेवून जायचं, असा प्रश्न जाणाऱ्या मुलीच्या बाजूनेही विचारता येतो.

आपण कुठे बसलो आहोत

हे सगळं एजन्सीवाल्यांचं पाप, असं म्हणून मोकळं होणं सोपं आहे. पण तोशिओ आपल्या गोष्टीत होताच की. त्याने कुणाशी करार केला नव्हता. त्याला फक्त मामी आवडत होती. मी स्वतः फोनवर आवडत्या गायिकेचे फोटो बघताना 'आता ती पहिल्यासारखी दिसत नाही' असं म्हटलेलं आहे, आणि तुम्हीही कधीतरी म्हटलं असेल. पहिल्यासारखं म्हणजे कुठल्या वर्षासारखं, हे आपण सांगत नाही. कवचाला गिऱ्हाईक आपणच आहोत.

परीकथा वाईट नाहीत. उलट परीकथेला मुदतीचं भान इतर कुठल्याही गोष्टीपेक्षा जास्त असतं. सिंड्रेलाला बारा वाजता निघावं लागतं, उराशिमाला परत यावं लागतं, युउला जादू फिरवावी लागते. धंद्याने परीकथेतली जादू घेतली आणि मुदत जिवंत मुलीच्या गळ्यात बांधली. चित्रातल्या मुलीला मात्र बारा कधी वाजतच नाहीत.

साकामोतो क्यू १९८५ च्या ऑगस्टमध्ये विमान अपघातात गेला, त्रेचाळीस वर्षांचा असताना. टेडच्या आवाजात तो अजून रॉकेटमध्ये बसतो.

ओता ताकाकोने पन्नाशी ओलांडली आहे. ती अजूनही क्रीमी मामीची गाणी गाते. समोर बसलेल्या बायका १९८३ मध्ये सहा-सात वर्षांच्या असतील, कांडी घेऊन आरशासमोर उभ्या राहणाऱ्या. चौदाव्या वर्षी रेकॉर्ड केलेलं गाणं आता वय झालेल्या आवाजात येतं आणि समोरच्यांना ते चालतं. मामी सोळाचीच राहिली. गाणारी बाई मात्र मोठी झाली, आणि तरी गाणं तिचंच आहे.